पासवर्ड बदलू नका

जुलै 2010मध्ये सीमेन्स कंपनीने ग्राहकांना चमत्कारिक सल्ला दिला: पासवर्ड बदलू नका. कारखान्यातली यंत्रे पडद्यावरून हाताळण्यासाठी तिचे ‘विनसीसी’ हे सॉफ्टवेअर जगभर वापरात होते. त्याच्या डेटाबेसचा पासवर्ड कंपनीनेच आत कायमचा बसवलेला, सगळ्या ग्राहकांना एकच. 2008पासून तो इंटरनेटवर कुणालाही वाचता येत होता. इराणच्या नातांझमधल्या अणुकेंद्रावर रोख धरलेल्या ‘स्टक्सनेट’ या घातक संगणकी प्रोग्रॅमने नेमका तोच वापरला. आणि बदलावा, तर चालू कारखाना अडखळण्याची भीती! चोराकडे किल्ली पोचली होती आणि मालकाला कुलूप बदलण्याची सोय नव्हती. स्टक्सनेटची लागण झालेल्या संगणकांच्या संख्येत इराण, इंडोनेशियापाठोपाठ भारताचा क्रमांक होता.

दोष एकट्या सीमेन्सचा नाही. 1968-69मध्ये अमेरिकेत डिक मॉर्ले आणि सहकाऱ्यांनी मॉडिकॉनचा पहिला पीएलसी, म्हणजे यंत्रांना आज्ञा देणारा कारखान्यातला छोटा संगणक, घडवला, तो रिले नावाच्या विद्युत खटक्यांनी खच्चून भरलेली कपाटे हटवण्यासाठी. जनरल मोटर्ससारख्या गिऱ्हाइकाला धूळ-उष्णता सोसणारे आणि झटपट नव्या कामाला जुंपता येणारे यंत्र हवे होते. चोराची काळजी फाटकावरच्या रखवालदाराने करायची.

1979 साली अशा यंत्रांना आपसांत संदेश धाडण्यासाठी ‘मॉडबस’ हे तंत्र आले. त्याच्या संदेशात कोणत्या यंत्राने काय करायचे एवढेच असते. हुकूम सोडणारा कोण, हे सांगायला जागाच नाही. पुढे तेच मॉडबस जवळपास जसेच्या तसे इंटरनेटच्या तारांवर चढवले गेले. जिथे पासवर्ड होते, तिथेही ते बहुधा दुसऱ्या पाळीतल्या उत्साही हाताला आवर घालण्यापुरतेच. शिवाय अशी यंत्रे एकदा बसली की वीस-वीस वर्षे हलत नाहीत.

या ढिलाईची किंमत ऑस्ट्रेलियातल्या मारूचीने 2000 सालीच मोजली होती. सांडपाण्याची नियंत्रण यंत्रणा बसवणाऱ्या ठेकेदाराकडे पूर्वी काम केलेल्या एकाला तिथल्या नगरपरिषदेने नोकरी नाकारली. त्याने लॅपटॉप आणि रेडिओ घेऊन पंपांना भलत्याच आज्ञा दिल्या, पंपांनी त्या मुकाट पाळल्या. सुमारे आठ लाख लिटर मैलापाणी उद्यानांत, ओढ्यांत आणि एका हॉटेलच्या आवारात पसरले. त्याला दोन वर्षांचा तुरुंगवास झाला.

एवढे होऊनही नोव्हेंबर 2023मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या अॅलिक्विपा गावच्या पाणीपुरवठा केंद्रातला युनिट्रॉनिक्स कंपनीचा पीएलसी हल्लेखोरांच्या ताब्यात गेला. त्यानंतर अमेरिकी सरकारने अशा पीएलसींचा मूळ पासवर्ड तातडीने बदलायला सांगितले. तो होता ‘1111’. मूळ पासवर्ड बदलणे सक्तीचे करणारी सॉफ्टवेअरची आवृत्ती कंपनीने काढली ती त्यानंतर, डिसेंबरात.