साथ रोगाची, साथ शेजाऱ्यांची

स्मरणिकेसाठी 'सोसायटीचा इतिहास' लिहा, असे संपादक मंडळाने सांगितले, तेव्हा प्लॉटचा व्यवहार, बोअरवेल, लिफ्टची दुरुस्ती आणि थकबाकी एवढ्यात तो आटोपेल असे वाटले होते. पण ते सगळे अध्यक्षांच्या मनोगतात आलेच आहे. मी इथे पंचवीस वर्षांपैकी दोनच वर्षांबद्दल लिहिणार आहे, २०२० आणि २०२१. त्यासाठी मात्र थोडे मागे जावे लागेल. वाचकांनी कंटाळू नये, कारण आपण ज्याला 'सोसायटी' म्हणतो त्या गोष्टीचे मूळही एका साथीपाशीच सापडते.

सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात डॉ. अकासिओ व्हिएगस यांना प्लेगचा रुग्ण सापडला. पुढच्या काही महिन्यांत लाखो लोक मुंबई सोडून गावोगावी पळाले. दाटीवाटीच्या चाळींत हवा नाही, उजेड नाही, म्हणून रोग पसरतो असे सरकारचे मत झाले आणि १८९८ मध्ये 'बॉम्बे सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट' स्थापन झाला. ट्रस्टने जुन्या वस्त्या पाडल्या, रस्ते रुंद केले, नव्या जागा विकसित केल्या. त्यांतली एक गावदेवी. पण तिथल्या जागेवर घर बांधणे एकट्यादुकट्या कारकुनाला कुठले परवडणार? म्हणून रावबहादूर तालमकी यांच्या पुढाकाराने सारस्वत कुटुंबे एकत्र आली आणि १९१५ मध्ये गावदेवीला सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था नोंदली गेली. आपल्याकडच्या गृहनिर्माण सोसायट्यांची ही पणजी. सगळ्यांनी मिळून जागा घ्यायची, सगळ्यांनी मिळून ती सांभाळायची, आणि भाग कितीही असोत, मत एकच. आज आपल्या वार्षिक सभेत पार्किंगवरून जो गोंधळ होतो, तो या तत्त्वाचाच प्रसाद आहे!

या पणजीला एक कुंपण होते, हेही सांगायला हवे. संस्था एका ज्ञातीची, सभासदही त्याच ज्ञातीचे. एकमेकांना आधार द्यायचा, पण 'आपल्यातल्यांना'. त्या काळी त्यात कुणाला काही वावगे वाटले नाही. मदत आणि कुंपण अशी एकत्र जन्मलेली ही जोडी पुढे सगळीकडे भेटत राहते, म्हणून आत्ताच तिची ओळख करून दिली.

मुंबईतला प्लेग पुण्यात आला तेव्हा आपले चिंचवड हे पवनेकाठचे मोरया गोसावींचे गाव होते. ४ फेब्रुवारी १८९७ ला साथरोग कायदा मंजूर झाला आणि रँडच्या हाताखालचे गोरे सोजीर पुण्यातल्या घराघरांत शिरले. देवघरापासून माजघरापर्यंत झडत्या, बायकामाणसांची उघड्यावर तपासणी, सामानाची होळी. रोगापेक्षा इलाजाची दहशत मोठी झाली. २२ जून १८९७ च्या रात्री गणेशखिंड रस्त्यावर दामोदर आणि बाळकृष्ण चापेकरांनी काय केले, ते चिंचवडच्या पोरालाही माहीत आहे. आपण रोज चापेकर चौकातून जातो. दामोदर, बाळकृष्ण आणि वासुदेव हे तिघेही भाऊ फासावर गेले. तोच १८९७ चा कायदा महाराष्ट्र सरकारने १३ मार्च २०२० ला पुन्हा लागू केला, हे वर्तमानपत्रात वाचल्यावर आपल्यातल्या कितीजणांना वाड्याची आठवण झाली असेल, कोण जाणे.

त्याच १८९७ मध्ये पुण्याच्या दुसऱ्या टोकाला, हडपसरजवळच्या माळावर, डॉ. यशवंत फुले यांचा प्लेगचा दवाखाना चालू होता. गावकुसाबाहेरच्या रुग्णांना कोणी हात लावेना. मुंढव्याच्या एका महार कुटुंबातल्या मुलाला सावित्रीबाईंनी पाठीवर घालून दवाखान्यात आणले. तो वाचला, सावित्रीबाईंना प्लेग झाला आणि १० मार्चला त्या गेल्या. वय सहासष्ट. रँडच्या आणि चापेकरांच्या गोष्टीपुढे ही गोष्ट आपल्या शाळेच्या पुस्तकात एका ओळीची होती. मला ती मोठी वाटते, कारण तिच्यात कुंपण नाही.

इथून थोडे लांब जाऊ, दक्षिण आफ्रिकेत. मार्च १९०४ मध्ये जोहान्सबर्गच्या भारतीय वस्तीत प्लेग शिरला. सोन्याच्या खाणीवर काम करणारे तेवीस मजूर एकाच वेळी आजारी पडले. तेव्हा तिथे वकिली करणाऱ्या मोहनदास गांधींनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एका रिकाम्या घराचे कुलूप तोडले, तिथे रुग्णांना आणून ठेवले आणि रात्रभर शुश्रूषा केली. बहुतेक रुग्ण दगावले, देखभालीला पाठवलेली नर्सही दगावली. नंतर नगरपालिकेने ती वस्ती जाळून टाकली आणि लोकांना शहरापासून दूर क्लिपस्प्रुटला तंबूत हलवले. पुढे सोवेटो म्हणून जगाला माहीत झालेल्या वसाहतीची ती सुरुवात. या सेवेबद्दल गांधींचे कौतुक होते ते योग्यच. पण प्लेगच्या जेमतेम महिनाभर आधी त्यांनीच नगरपालिकेच्या आरोग्य अधिकाऱ्याला पत्र लिहून, भारतीयांच्या वस्तीत आफ्रिकी लोकांना ठेवू नये अशी मागणी केली होती. म्हणजे तेव्हाच्या गांधींनाही कुंपण होतेच. माणूस मोठा होता म्हणून ते नंतर ओलांडू शकला.

ज्या लोकांना त्या कुंपणाबाहेर ठेवले गेले त्यांच्या भाषांत एक शब्द आहे, 'उबुंटू'. झुलू भाषेत म्हण आहे, 'उमुंटू न्गुमुंटू न्गाबांटू'. माणूस माणसांमुळेच माणूस होतो. शोना लोक त्याला 'उन्हू' म्हणतात, स्वाहिलीत 'उटू'. आमच्या आयटीतल्या पोरांना हे नाव संगणकाच्या प्रणालीमुळे माहीत आहे, तेही त्याच शब्दावरून ठेवलेले आहे. वर्णद्वेषी राजवट संपताना दक्षिण आफ्रिकेच्या १९९३ च्या हंगामी राज्यघटनेत हा शब्द लिहिला गेला: सूड नको, उबुंटू हवा, अशा अर्थाने. आर्चबिशप डेस्मंड टुटू यांनी सत्य आणि समेट आयोग चालवला तो याच विचारावर. करोनानंतर जगभर हा शब्द पुन्हा बोलला जाऊ लागला. एकाच्या श्वासावर दुसऱ्याचा जीव अवलंबून आहे, ही गोष्ट आपण मास्क लावून शिकलो. त्यांच्याकडे ती म्हणीत होती.

आपल्याकडे असे काही नव्हते का? होते की. मावळात भातलावणीला 'सावड' असते: आज माझ्या खाचरात तुमची माणसे, उद्या तुमच्या खाचरात माझी. 'इर्जिक' म्हणजे एखाद्या अडलेल्याच्या रानात गावातले नांगर आणि बैलजोड्या एकाच दिवशी उतरायच्या. मजुरी नाही, संध्याकाळी फक्त जेवण. आंबेगाव-जुन्नरच्या डोंगरात महादेव कोळी लोक 'पडकई' करून उतारावर भाताची खाचरे पाडतात. चाकणचा कांदाबाजार ज्यांनी एमआयडीसीच्या आधी पाहिला, त्या आपल्या सोसायटीतल्या खेड तालुक्याच्या आजोबांना हे शब्द समजावून सांगावे लागत नाहीत. त्यांचेच म्हणणे मात्र असे की सावड फेडावी लागते. जितके दिवस घेतले तितके द्यायचे. ज्याच्याकडे रानच नाही त्याला सावड कशी मिळणार? इर्जिकचा हिशेब नसतो, म्हणून तिची चव वेगळी. आजोबांचे हे वाक्य मी पुढच्या सगळ्या मजकुरासाठी उसने घेतो आहे.

पिंपरी-चिंचवड हे खरे तर बाहेरून आलेल्यांनीच वसवलेले शहर. फाळणीनंतर पिंपरी कॅम्पात सिंधी निर्वासित आले. १९५४ मध्ये हिंदुस्थान अँटिबायोटिक्स उभी राहिली. म्हणजे या पट्ट्यातला पहिला मोठा सरकारी कारखाना पेनिसिलिनचा, औषधाचा, हे आपण विसरतो. मग १९६२ ला एमआयडीसी, टेल्को, बजाज, १९७० ला नगरपालिका, १९८२ ला महानगरपालिका. सातारा, सोलापूर, लातूर, बीड, विदर्भ, खानदेश, कोकण. जो येईल तो तीन पाळ्यांत सामावला. आपल्या सोसायटीचे पहिले सभासदही बहुतेक कंपनीतलेच. पीएफमधून उचल घेऊन, पतपेढीचे कर्ज काढून इथे फ्लॅट घेतलेले. त्यानंतर चाकणला वाहनांचे मोठे कारखाने आले, तळवडे-हिंजवडीला आयटी आली आणि आपल्याकडचे निम्मे फ्लॅट भाड्याने गेले.

२४ मार्च २०२० च्या रात्री आठला टाळेबंदी जाहीर झाली. त्या आठवड्यात नाशिक रस्त्याने आणि हायवेने चाकण-भोसरीचे कामगार डोक्यावर बोचकी घेऊन चालत निघाले होते. आपल्या महिला मंडळाने घरटी चार पोळ्या आणि सुकी भाजी गोळा करायला सुरुवात केली ती कुणी न सांगता. शिट्टी वाजली की प्रत्येक मजल्यावरून पिशव्या खाली. कुणी मोजले नाही, कुणी नाव लिहून घेतले नाही. हीच ती इर्जिक! जुन्नरकडचे शेतकरी टेम्पो घेऊन थेट गेटवर यायचे. त्यांचा माल जायचा आणि आपल्याला भाजी मिळायची.

पण याच दिवसांतले सोसायटीचे इतिवृत्त वाचले तर दुसरी बाजूही दिसते. घरकामाच्या बायकांना गेटबंदी झाली. ती गरजेची होती, त्याबद्दल वाद नाही. त्यांच्या पगाराचा विषय मात्र 'ज्याचा त्याने ठरवावा' म्हणून सोडला गेला. काही घरांनी पूर्ण दिला, काहींनी अर्धा, काहींनी जून उजाडेपर्यंत फोनही उचलला नाही. कोविड वॉर्डात काम करणारी एक नर्स आपल्याकडे भाड्याने राहत होती. तिने लिफ्ट वापरू नये, शक्यतो दुसरी जागा बघावी, अशी सूचना सभेत मांडली गेली. ती सभेत नव्हती. भाडेकरूला सभेत मत नसते. देशभर असे प्रकार इतके झाले की २२ एप्रिल २०२० ला केंद्राला अध्यादेश काढून त्या १८९७ च्याच कायद्यात आरोग्य कर्मचाऱ्यांना संरक्षण द्यावे लागले. आपल्याकडे प्रकरण तिथवर गेले नाही. बी-विंगमधल्या निवृत्त मुख्याध्यापिका बाईंनी सभेत एवढेच विचारले, की उद्या माझा ऑक्सिजन कमी झाला तर मला कोण हात लावणार आहे? ठराव बारगळला. ती मुलगी दीड वर्ष आपल्याकडेच राहिली आणि अख्ख्या विंगला ऑक्सिमीटर कसा वापरायचा ते तिनेच शिकवले.

त्या वर्षी आकुर्डीला तुकोबांची पालखी आली नाही. ३० जूनला पादुका एसटीने पंढरपूरला गेल्या. दरवर्षी आपण रस्त्यावर चहा आणि राजगिऱ्याचे लाडू वाटतो. त्या दिवशी नुसतेच गॅलरीत उभे राहिलो.

२०२१ चा एप्रिल सर्वांत वाईट. वायसीएम भरलेले, नेहरूनगरच्या स्टेडियमवरचे जम्बो भरलेले, चाकणहून निघणाऱ्या ऑक्सिजनच्या टँकरवर सगळ्यांचे डोळे. जगातही तेच चालले होते. हडपसरच्या सीरममध्ये बनलेल्या सहा लाख लशी 'कोव्हॅक्स'मार्फत २४ फेब्रुवारीला घानाला पोचल्या होत्या, त्या योजनेतली ती पहिलीच खेप. आणि आपल्याकडे दुसरी लाट आल्यावर महिन्याभरात निर्यात थांबली. घरचे मरत असताना बाहेर कशा पाठवायच्या, हा प्रश्न खोटा नव्हता. आफ्रिकेतल्या कित्येक देशांत त्यामुळे दुसरा डोस लांबला, हेही खोटे नव्हते.

आपल्या सोसायटीने तेव्हा वर्गणी काढून एक ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटर घेतला. वापराचा नियम झाला, 'फक्त सभासद व त्यांचे कुटुंबीय'. दहाव्या दिवशी रात्री अडीचला पंपरूमशेजारी राहणाऱ्या आपल्या वॉचमनच्या बायकोचा ऑक्सिजन ८६ वर आला. तेव्हाचे सेक्रेटरी नियम विचारायला कुणाकडे गेले नाहीत. मशीन खाली उतरले, सकाळी सातला तिला बेड मिळाला, ती वाचली. पुढच्या सभेत दोघा सभासदांनी रीतसर हरकत घेतली. त्यांचा मुद्दा अगदीच टाकाऊ नव्हता: पैसे सभासदांचे, मशीन एकच, आणि त्याच रात्री वरच्या मजल्यावर कुणाला लागले असते तर? सेक्रेटरी म्हणाले, "लागले असते तर भांडलो असतो, पण लागले नव्हते ना." हे वाक्य इतिवृत्तात आलेले नाही. तिथे फक्त 'चर्चा झाली' असे आहे.

नियम आजही तोच आहे. मशीन क्लब हाऊसच्या कपाटात आहे, निधीतले उरलेले पैसे मुदत ठेवीत आहेत. गेल्या चार वर्षांत दोनदा विषय निघाला आणि वेळेअभावी पुढे ढकलला गेला. पालखीत लाडू देताना आपण वारकऱ्याला सभासद क्रमांक विचारत नाही. तेव्हा आपला हात मोकळा असतो, कारण लाडू पुष्कळ असतात. एकच मशीन असते तेव्हा कसे वागायचे, हे शांत डोक्याने, साथ नसतानाच ठरवून ठेवायला हवे.

रौप्यमहोत्सवी वार्षिक सभेच्या विषयपत्रिकेत सातव्या क्रमांकावर तो नियम आहे. 'सभासद व त्यांचे कुटुंबीय' याऐवजी 'सोसायटीच्या आवारात राहणारे व काम करणारे सर्व' असे शब्द सुचवले आहेत. मुख्याध्यापिका बाई सूचक आहेत. अनुमोदकाची जागा हा लेख छपाईला जाईपर्यंत रिकामी आहे.