खेळाडू ते प्रशिक्षक : हाइनर ब्रांड यांच्या हँडबॉल कारकिर्दीचा ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :

आधुनिक क्रीडा इतिहासाचे लेखन बहुतांशी विक्रम आणि विजेतेपदे यांच्या नोंदींभोवती फिरत राहिले आहे. खेळाडूचे प्रशिक्षकात होणारे रूपांतर ही प्रक्रिया त्यामानाने दुर्लक्षित राहिली. उत्तम खेळाडू उत्तम प्रशिक्षक होतोच असे नाही. खेळाडूला स्वतःच्या शरीरावर प्रभुत्व मिळवावे लागते, तर प्रशिक्षकाला इतरांच्या क्षमतांची जुळणी करावी लागते. फुटबॉलमध्ये ब्राझीलचे मारिओ झगालो आणि जर्मनीचे फ्रान्झ बेकेनबाउर यांनी दोन्ही भूमिकांत विश्वविजेतेपद मिळविले. पुरुषांच्या हँडबॉलमध्ये हा मान प्रथम जर्मनीच्या हाइनर ब्रांड यांना मिळाला. प्रस्तुत निबंधात त्यांच्या कारकिर्दीचा आढावा घेऊन, व्यक्तीचे यश हे व्यवस्थेचे यश मानता येईल काय, या प्रश्नाचा विचार करण्यात आला आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी :

हँडबॉल हा खेळ जर्मनी व स्कँडिनेव्हियन देशांत विकसित झाला. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये तो मोकळ्या मैदानावर, प्रत्येकी अकरा खेळाडूंच्या संघांत खेळविला गेला. पुढे हे स्वरूप मागे पडून ४० मीटर लांब व २० मीटर रुंद बंदिस्त क्रीडांगणावरील सात खेळाडूंचा वेगवान खेळ रूढ झाला. १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये या नव्या स्वरूपाचा समावेश झाला. पश्चिम जर्मनीत १९६६ मध्ये बुंडेसलीगा ही राष्ट्रीय साखळी स्पर्धा सुरू झाल्याने क्लबांना स्थैर्य लाभले. गुमर्सबाख हे कोलोनजवळचे एक लहान औद्योगिक शहर. परंतु तेथील क्लबने युरोपीय चषक अनेकदा जिंकला. २६ जुलै १९५२ रोजी याच शहरात ब्रांड यांचा जन्म झाला आणि खेळाडू म्हणून त्यांची कारकीर्दही याच क्लबमध्ये घडली.

खेळाडू म्हणून कारकीर्द :

ब्रांड हे गोल करण्यापेक्षा बचावासाठी अधिक ओळखले गेले. बचावपटूचे काम प्रेक्षकांच्या नजरेत सहसा भरत नाही. प्रतिस्पर्ध्याची चाल ओळखणे, सहकाऱ्यांना सूचना देत भिंत एकसंध राखणे आणि चेंडू हाती येताच प्रतिहल्ल्याला वाट करून देणे, ही त्याची कामे होत. संपूर्ण खेळ वाचण्याची ही सवय पुढे प्रशिक्षकाला उपयोगी पडणारी होती.

युगोस्लाव्हियाला १९७२ चे ऑलिंपिक सुवर्णपदक मिळवून देणारे व्लाडो श्टेन्झेल पुढे पश्चिम जर्मनीचे प्रशिक्षक झाले. त्यांनी तरुण खेळाडूंवर भर देऊन संघाची फेररचना केली. ५ फेब्रुवारी १९७८ रोजी कोपनहेगन येथील अंतिम सामन्यात या संघाने सोव्हिएत संघाचा २०-१९ असा निसटता पराभव करून विश्वचषक जिंकला. ब्रांड या संघाचे सदस्य होते.

तथापि या यशाला लवकरच दुःखाची किनार लाभली. ३० मार्च १९७९ रोजी हंगेरीतील ताताबान्या येथे युरोपीय स्पर्धेच्या सामन्यात ब्रांड यांचे सहकारी योआखिम डेकार्म प्रतिस्पर्ध्याशी टक्कर होऊन कोसळले आणि त्यांच्या डोक्याला गंभीर इजा झाली. १३१ दिवस ते बेशुद्धावस्थेत होते. त्यानंतर ते कधीही स्पर्धात्मक सामना खेळू शकले नाहीत. ब्रांड व त्यांचे सहकारी पुढील काळातही डेकार्म यांच्याशी जोडलेले राहिले. पदकांच्या यादीत न मावणारी खेळाची ही किंमत क्रीडा इतिहासकाराला नजरेआड करता येत नाही.

प्रशिक्षक म्हणून कारकीर्द :

निवृत्तीनंतर ब्रांड यांनी गुमर्सबाख आणि वालाउ-मासेनहाइम या क्लबांचे प्रशिक्षकपद भूषविले. १९९७ च्या प्रारंभी त्यांच्याकडे राष्ट्रीय संघाची सूत्रे आली तेव्हा परिस्थिती बिकट होती. त्या वर्षीच्या विश्वचषकासाठी जर्मनी पात्रही ठरू शकला नव्हता. पुढील वर्षांत मात्र संघाने टप्प्याटप्प्याने प्रगती केली. १९९८ मध्ये युरोपीय स्पर्धेत कांस्य, २००२ मध्ये रौप्य, २००३ च्या विश्वचषकात रौप्य, २००४ मध्ये युरोपीय विजेतेपद आणि त्याच वर्षी अथेन्स ऑलिंपिकमध्ये रौप्य, असा हा चढता क्रम आहे. येथे तीन अंतिम पराभवांनंतरही प्रशिक्षकावरील विश्वास ढळला नाही, ही गोष्ट लक्षणीय होय.

२००७ चा विश्वचषक जर्मनीतच झाला. प्राथमिक फेरीत पोलंडकडून पराभव पत्करावा लागला. एक खेळाडू जखमी झाल्याने निवृत्त क्रिस्टियान श्वार्झर यांना स्पर्धा सुरू असताना परत बोलावण्यात आले. उपांत्य फेरीत फ्रान्सवर दोनदा वाढीव वेळ खेळून एका गोलने विजय मिळाला. ४ फेब्रुवारी २००७ रोजी कोलोन येथे अंतिम सामन्यात गोलरक्षक हेनिंग फ्रिट्झ जखमी झाल्यावर योहानेस बिटर यांनी जबाबदारी सांभाळली आणि जर्मनीने पोलंडला २९-२४ असे नमविले. राखीव खेळाडूंचा असा नेमका उपयोग हे योगायोगापेक्षा पूर्वतयारीचे फळ मानणे अधिक सयुक्तिक ठरते.

यशाची मर्यादा :

यशानंतरचा काळ मात्र वेगळे चित्र दाखवितो. २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये जर्मनी प्राथमिक फेरीतच बाद झाला. २०११ च्या विश्वचषकात तो अकराव्या स्थानी घसरला आणि त्याच वर्षी ब्रांड पदावरून दूर झाले. १९७८ नंतरही असेच घडले होते. मायदेशी झालेल्या १९८२ च्या विश्वचषकात विजेता संघ सातव्या स्थानी राहिला आणि श्टेन्झेल यांना पद सोडावे लागले.

बुंडेसलीगात जर्मन तरुणांना पुरेशी संधी मिळत नाही, अशी तक्रार ब्रांड सातत्याने करीत राहिले. या प्रश्नाला कायद्याची बाजूही होती. १९९५ च्या बोस्मान निकालाने युरोपीय संघातील खेळाडूंवरील निर्बंध उठले. २००३ मध्ये मारोश कोल्पाक या स्लोव्हाक हँडबॉल गोलरक्षकाने जर्मन हँडबॉल महासंघाविरुद्धचा खटला युरोपीय न्यायालयात जिंकला. क्रिकेटच्या अभ्यासकांना कोल्पाक हे नाव इंग्लिश कौंटी क्रिकेटमधील दक्षिण आफ्रिकी खेळाडूंमुळे परिचित आहे. त्याचे मूळ मात्र हँडबॉलमध्ये आहे. खेळाडूच्या रोजगाराचा हक्क न्याय्य होता. परंतु श्रीमंत क्लबांचे हित आणि राष्ट्रीय संघाचे हित यांत त्यामुळे ताण वाढला. एकटा प्रशिक्षक तो दूर करू शकत नव्हता.

समारोप :

ब्रांड यांच्या कारकिर्दीवरून पुढील निष्कर्ष निघतात.

१) खेळाडू म्हणून मिळालेली सांघिक दृष्टी हे प्रशिक्षकाचे खरे भांडवल ठरते, वैयक्तिक कीर्ती नव्हे.

२) प्रशिक्षकाच्या कार्याचे मूल्यमापन एका स्पर्धेवरून न करता दीर्घ कालावधीवरून करणे आवश्यक आहे. १९९७ ते २००७ या दशकात संयम राखला गेला नसता, तर विश्वविजेतेपदाची संधी आलीच नसती.

३) शिखर गाठून देणे व्यक्तीला शक्य असते, ते टिकविण्यासाठी नव्या पिढीला प्रत्यक्ष खेळण्याची संधी देणारी व्यवस्था लागते.

महाविद्यालयीन क्रीडा विभागांनीही पदकांबरोबर हा तिसरा निकष विचारात घेणे अगत्याचे आहे.