बाहुलीतले दहा हजार डॉलर

चार्ल्स लाफ्टन या इंग्रज नटाने १९५५ साली प्रथमच एक बोलपट दिग्दर्शित केला, ‘द नाइट ऑफ द हंटर’. पैशाने पछाडलेल्या एका खुनी पाद्र्याची ही कथा. लोक तिला भयकथा म्हणतात. आम्हांला ती भुकेची कथा वाटते.

काळ अमेरिकेतील महामंदीचा. वेस्ट व्हर्जिनियात हॅरी पॉवर्स नावाचा इसम विधवांना लग्नाची पत्रे लिहून जाळ्यात ओढी. दोन स्त्रिया व तीन मुले यांचे जीव घेतल्यावर तो पकडला गेला आणि १९३२ साली माउंड्सव्हिलच्या तुरुंगात फासावर गेला. त्याच गावच्या डेव्हिस ग्रबने त्या हकिगतीवरून १९५३ साली कादंबरी लिहिली. बोलपट तिच्यावरून निघाला.

पण कथेचे मूळ पाद्री नव्हे, बेन हार्पर आहे. पोरे उपाशी भटकताना बघवत नाहीत म्हणून हा बाप बँक लुटतो, दोघांना ठार करतो, दहा हजार डॉलर मुलीच्या बाहुलीत दडवतो आणि फाशी जातो. तुरुंगात त्याच्या कोठडीत असलेला पाद्री (रॉबर्ट मिचम) पैशाच्या वासावर घरी येतो, विधवेशी लग्न लावतो, तिचा गळा कापतो आणि मुलांमागे लागतो.

मुले होडीतून ओहायो नदीने पळतात. वाटेत एक बाई दारी आलेल्या भुकेल्या पोरांना बटाटे देते. प्रसंग अर्ध्या मिनिटाचाही नसेल. पण १९८२ च्या गिरणीसंपात शेजारणीने पदराखालून आणलेली भाकरी ज्यांनी खाल्ली, त्या आम्हांला तो मिचमच्या चाकूपेक्षा अधिक लागला.

कारागिरीही सांगावी अशी. गवताच्या माळ्यावरून मुलाला क्षितिजावर पाद्र्याचा घोडा दिसतो. ते सारे स्टुडिओतले! अंतर वाटावे म्हणून लहानशा तट्टावर बुटका माणूस बसवला होता.

बोलपट चालला नाही. लाफ्टनने पुन्हा बोलपट दिग्दर्शित केला नाही. १९६२ साली तो वारला. १९९२ साली अमेरिकेने तो राष्ट्रीय ठेवा म्हणून जतनासाठी निवडला. असो.

शेवटी पोलीस पाद्र्याला जमिनीवर पाडून बेड्या घालतात. बापालाही असेच धरलेले मुलाने पाहिले होते. तो धावत जातो आणि पैसे घेऊन जा म्हणत बाहुली पाद्र्यावर आपटतो. नोटा अंगणभर उडतात. पुढे कोर्टात गुन्हेगार ओळख म्हणून वकील सांगतो, तेव्हा हा मुलगा मान वर करीत नाही.