चार्ज

आमच्या घरात राजीनाम्याच्या दोन गोष्टी होत्या. दोन्ही आजीच सांगायची.

पहिली पेशव्यांचे न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांची. १७७३ साली शनिवारवाड्यात पेशवे नारायणरावांचा खून झाला आणि त्यांचे काका राघोबादादा गादीवर आले. शास्त्रीबुवांनी राघोबादादांना तोंडावर देहान्त प्रायश्चित्त सांगितलं आणि पुणं सोडून ते वाईकडे निघून गेले. हे सांगताना आजीचा आवाज चढायचा.

दुसरी आजोबांची. तेव्हा आवाज खाली यायचा. आजोबा तलाठी. १९७२च्या दुष्काळात वरच्या एका साहेबाने आणेवारी वाढवून लिहायला सांगितली. आणेवारी वाढली की कागदावर पीक उभं राहतं आणि शेतकऱ्याची साऱ्याची सवलत जाते. आजोबांनी राजीनामा लिहून दिला. पण सरकारी नोकराचा राजीनामा नुसता देऊन संपत नाही, तो मंजूर व्हावा लागतो. मंजुरी येऊन दुसरा माणूस यायला तीन महिने गेले, आणि ते तीनही महिने आजोबा चावडीवर बसत होते. तगाईसाठी लोकांना सातबाऱ्याचे उतारे लागत. बाया खडी फोडून संध्याकाळी यायच्या, म्हणून ते कंदील लावून थांबायचे.

"अहो, राजीनामा दिलात ना? मग घरी बसा की," आजी म्हणाली होती.

"अगं, कागद दिलाय. दप्तर कुणाकडे देऊ?"

त्या दिवसांत त्यांनी उतारे दिले, फेरफार नोंदवले. ती आणेवारी मात्र लिहिली नाही.

लहानपणी मी आजीला विचारलं होतं, शास्त्रीबुवांपुढे चाललेल्या बाकीच्या खटल्यांचं काय झालं? ती गप्प राहिली. आज मला वाटतं, दोघंही बरोबर होते. खुनाचा आरोप खुद्द गादीवरच्या माणसावर असताना शास्त्रीबुवा एक दिवस जरी थांबले असते, तरी त्यांच्या नावाने त्या गादीला न्यायाचा रंग चढला असता. आजोबांच्या थांबण्याने फक्त उतारे मिळत होते.

राजीनामा आणि चार्ज यांच्यामधली ही फट आपल्या राज्यघटनेतही आहे. मुदत संपलेला राष्ट्रपती नवा येईपर्यंत पदावर राहतो. राजीनामा देणाऱ्याला ते बंधन नाही. १९६९च्या मे महिन्यात राष्ट्रपती झाकिर हुसेन गेले. उपराष्ट्रपती गिरी कारभार बघू लागले आणि २० जुलैला निवडणुकीसाठी तेही पायउतार झाले. तेव्हा सरन्यायाधीश हिदायतुल्ला २४ ऑगस्टपर्यंत त्या खुर्चीत बसले. त्यासाठीचा कायदा त्याच वर्षी करावा लागला होता. पंतप्रधानांचं तर सगळं रिवाजावर चालतं. चरणसिंगांनी २० ऑगस्ट १९७९ला राजीनामा दिला आणि लोकसभेला एकदाही सामोरे न जाता १४ जानेवारी १९८०पर्यंत ते काळजीवाहू राहिले. इतके दिवस थांबणाऱ्याने कशाला हात लावायचा नाही, हे कुठे तरी लिहून ठेवायला हवं असं मला मनापासून वाटतं. आजोबांना ते कुणी सांगावं लागलं नाही.

चार्ज देण्याचा दिवस आजीला नीट आठवायचा. कापडावरचा गावनकाशा, फेरफाराची वही, पावतीपुस्तकं, वसुलीची शिल्लक, एकेक मोजून दिलं. यादीखाली आजोबांनी 'दिला' लिहून सही केली, नव्या तलाठ्याने 'घेतला' लिहून. संध्याकाळी एक म्हातारी सवयीने आमच्याच दारात आली, उतारा मागायला. आजोबांनी कंदील उचलला आणि तिला चावडीपर्यंत नेऊन सोडलं. स्वतः आत गेले नाहीत.