पंढरपूरचा चित्रकार, ऑस्लोची नोंद

मकबूल फिदा हुसेन १९१५ साली सोलापूर जिल्ह्यातल्या पंढरपुरात जन्मले. ते तान्हे असतानाच आई गेली आणि पुढे वडिलांनी बिऱ्हाड इंदूरला हलवलं. तेव्हा ‘हुसेनांच्या पंढरपूरच्या दिवसांतलं चित्र’ म्हणून कुणी कॅनव्हास विकायला काढला, तर तो न्याहाळण्याचीही गरज नाही. हुसेनांचा घोडा आज कुठलाही सराईत हात काढतो. सहीचंही तेच, ती कधी देवनागरीत, कधी उर्दूत, कधी रोमन लिपीत. आधुनिक चित्राचा खरेपणा रेषेत शोधण्याआधी ते कुणाच्या हातून कुणाकडे गेलं हे तपासावं, असं माझं मत आहे.

‘ग्रामयात्रा’ हे १९५४चं, सुमारे चौदा फूट लांबीचं चित्र पाहा. जागतिक आरोग्य संघटनेच्या कामासाठी दिल्लीत आलेले डॉक्टर लिऑन व्होलोडार्स्की यांनी ते त्याच वर्षी घेतलं. १९६४ साली ते ऑस्लोच्या रुग्णालयाकडे गेलं आणि मार्च २०२५मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात सुमारे ११८ कोटींना विकलं गेलं. सत्तर वर्षांत मालक जेमतेम दोन! त्या किमतीत या निर्वेध इतिहासाचाही वाटा असणार.

चित्रकारालाच विचारावं, असं कुणी म्हणेल. २००९मध्ये दिल्लीत सय्यद हैदर रझांनी स्वतःच्याच नावाच्या प्रदर्शनात बनावट चित्रं ओळखली, हे खरं. पण इटलीच्या दे किरिको यांनी स्वतःची अस्सल चित्रंही नाकारली होती. आणि हुसेन २०११मध्ये गेले. प्रयोगशाळेचं म्हणाल, तर जर्मनीतला बनावट चित्रं रंगवणारा बेल्ट्राकी १९१४च्या म्हणवल्या जाणाऱ्या चित्रात, तेव्हा वापरात नसलेला टायटॅनियम व्हाइट सापडल्यामुळे अडकला. १९५४ साली मात्र तो पांढरा रंग सर्रास वापरात होता, त्यामुळे इथे ती कसोटी लंगडी पडते. सगळ्यात जड आक्षेप कागदांवरच आहे: ब्रिटनमध्ये जॉन ड्रू याने संग्रहालयांच्या दप्तरातच खोट्या नोंदी घुसवल्या होत्या. म्हणून विकणाऱ्याने पुढे केलेली एकच नोंद पुरेशी नाही. ज्याला त्या विक्रीत काडीचा फायदा नाही अशा दुसऱ्या ठिकाणचा पुरावाही जुळायला हवा.

या कसोटीने काही अस्सल कामांवर अन्याय होईल, हे मान्य. हुसेनांनी मुंबईत सिनेमाची पोस्टरं रंगवली, लोकांना सहज रेखाटनं काढून दिली; त्यांची पावती कोण ठेवणार? अशा कामाला बनावट म्हणू नये. ‘हुसेनांचं असू शकेल’ एवढंच लिहावं आणि भावही तेवढाच लावावा.