अनुकूलनक्षम वर्तन व त्याचे मापन
अनुकूलनक्षम वर्तन : वयाला आणि भोवतालच्या समाजाला साजेसे रोजचे व्यवहार माणूस स्वतःहून किती पार पाडतो, ते दर्शविणारी मानसशास्त्रीय संज्ञा. जेवण, कपडे, शौच येथपासून सुटे पैसे मोजून घेणे, एकट्याने बसने जाणे, वेळेवर औषध घेणे, ओळखी जपणे येथपर्यंतचे व्यवहार तिच्यात येतात. वैचारिक, सामाजिक व व्यावहारिक असे त्यांचे तीन गट मानतात.

अमेरिकेत न्यू जर्सीतील व्हाइनलँडच्या ज्या संस्थेत हेन्री गोडार्ड यांनी १९०८ मध्ये बिने यांची बुद्धिचाचणी इंग्रजीत आणली, तेथेच एडगर डॉल यांनी केवळ बुद्ध्यंकावरून कोणालाही मंदबुद्धी ठरवण्यास हरकत घेतली. १९३५ मध्ये त्यांनी सामाजिक परिपक्वतेची व्हाइनलँड मापनश्रेणी मांडली. तिच्यात ११७ बाबी होत्या. नागपूरचे ए. जे. मालिन यांनी तिचे भारतीय रूप तयार केले. त्यात पंधराव्या वर्षापर्यंतच्या ८९ बाबी आहेत.

मूल्यमापन मुलाला कोडी घालून होत नाही; आई-वडील किंवा त्याला रोज पाहणारी व्यक्ती यांच्याशी बोलून होते. मिळालेल्या गुणांवरून सामाजिक वय काढतात, त्याला प्रत्यक्ष वयाने भागून शंभराने गुणले की सामाजिक गुणांक येतो. दहा वर्षांच्या मुलाचे सामाजिक वय सहा असेल, तर गुणांक ६०.

कसोटी नेहमीच्या वागण्याची असते. मुलाला आंघोळ करता येते, पण सकाळच्या घाईत आजीच घालते, अशा घरांत हे मापन अवघड होते. डॉल यांनी ही अडचण ओळखली होती. सवयीने होणारी कृती, नुकती जमू लागलेली कृती आणि संधीच न मिळाल्याने न केलेली कृती यांच्या नोंदी त्यांनी वेगळ्या ठेवल्या. मुलाखतकाराने घाईत हा भेद गाळला, तर घरच्यांच्या मायेचा किंवा रिवाजाचा परिणाम मुलाची उणीव म्हणून कागदावर येतो, आणि तो कागद वर्षानुवर्षे त्याच्याबरोबर फिरतो. म्हणून शाळेतील वर्तनाची माहितीही घ्यावीच.

भारतात या मापनाला कायदेशीर वजन आहे. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ अन्वये २०१८ मध्ये निघालेल्या मार्गदर्शक सूचनांत बौद्धिक अक्षमतेच्या प्रमाणपत्रासाठी व्हाइनलँड श्रेणीचे गुण धरले होते. अमेरिकन मनोविकार वर्गीकरणाच्या २०१३ च्या पाचव्या आवृत्तीने अक्षमतेची तीव्रता बुद्ध्यंकाऐवजी अनुकूलनावरून ठरवली. आधाराची गरज त्यावरूनच कळते. स्वमग्नतेत बुद्ध्यंक चांगला असूनही रोजचे व्यवहार बरेच मागे राहिलेले दिसतात.

प्रौढांत हे मापन स्मृतिभ्रंश, पक्षाघात व मेंदूच्या दुखापतीनंतरही करतात. तेव्हा आजच्या स्थितीची तुलना त्या व्यक्तीच्या पूर्वीच्या वागण्याशी करावी लागते. लॉटन व ब्रॉडी यांच्या १९६९ च्या श्रेणीत फोन, खरेदी, स्वयंपाक, घरकाम, कपडे धुणे, प्रवास, औषधे व पैशांचा व्यवहार अशा आठ बाबी आहेत; त्यांपैकी स्वयंपाक, घरकाम व धुणे यांचे गुण पुरुषांसाठी मुळात मोजतच नसत. आयुष्यभर चहाही न केलेल्या आजोबांचा आजार त्यांच्या स्वयंपाकावरून जोखता येत नाही. त्यांच्याबाबत बँकेचे व्यवहार, नेहमीची वाट आणि गोळ्यांच्या वेळा यांत अलीकडे काय बदलले, हे घरच्यांना विचारावे लागते.