मुंबईचे गाणे आणि चित्रपटाचा पडदा

एखाद्या शहराला स्वतःचे गाणे असते काय? आणि असलेच, तर ते कोणाच्या गळ्यातून निघते? मुंबईपुरता हा प्रश्न विचारला की आपला पांढरपेशा रसिक चटकन हिंदी चित्रपटगीतांकडे बोट दाखवतो. ते गाणे मुंबईत तयार झाले हे खरे. पण ते स्टुडिओत तयार झाले. याच शहरातील बी.आय.टी. आणि बी.डी.डी. चाळींच्या पटांगणांत, नायगाव-परळच्या गल्ल्यांत, घाटकोपर-मुलुंडच्या झोपड्यांत दुसरे एक गाणे वाढले. त्याला वाद्यवृंद नव्हता. ढोलकी, डफ, तुणतुणे आणि कोणाकडून तरी मागून आणलेली बाजाची पेटी एवढाच सरंजाम. त्याचा गायक दिवसा गिरणीत, गोदीत, रेल्वेत किंवा नगरपालिकेच्या सफाई खात्यात राबत असे. या दुसऱ्या गाण्याकडे चित्रपटाने केव्हा आणि कोणत्या नजरेने पाहिले, याचा थोडा इतिहास येथे मांडायचा आहे. हा इतिहास लहान आहे. तो लहान का राहिला, हाही त्याचाच भाग आहे.

मी वीरचा. आज वीर म्हणजे महाडचे रेल्वे स्थानक अशी ओळख झाली आहे. रोहा ते वीर हा कोकण रेल्वेचा टप्पा १९९३ साली सुरू झाला. त्यापूर्वी आमच्या मुलखातून मुंबईला जाण्याची जुनी वाट पाण्याची होती. सावित्रीच्या काठी दासगावचा धक्का, तेथून बाणकोटची खाडी आणि मग समुद्र. डिसेंबर १९२७ मध्ये महाडच्या सत्याग्रह परिषदेसाठी बाबासाहेब ‘पद्मावती’ बोटीने आले ते याच दासगावी, आणि तेथून पायी महाडला गेले. याच धक्क्यावरून आमचे आजे-पणजे उलट दिशेने मुंबईला गेले. गिरणीच्या विणकाम खात्यात त्यांना मज्जाव होता, कारण तेथे सूत तोंडाने ओढावे लागे आणि अस्पृश्याच्या थुंकीने सवर्ण कामगार बाटला असता! धोटा बाटणार म्हणून खाते बंद. पण गाण्याला कोण खाते बंद करणार? गावाकडून नेलेली ढोलकी चाळीत वाजू लागली.

तिला नवा आशय दिला तो आंबेडकरी जलशाने. सत्यशोधक जलशाची परंपरा हाताशी होतीच. तमाशाचा साचा घेऊन जलसाकारांनी त्यातील देव आणि गवळण बाजूला सारली आणि तेथे पाणवठा, शाळा, मेलेले ढोर ओढण्याचे काम, सावकार, मंदिर हे विषय आणले. नाशिककडील भीमराव कर्डक हे या कामातील एक अग्रणी. आंबेडकरी जलशांवर त्यांनी लिहिलेले पुस्तक १९७८ साली निघाले. स्वतः जलसा केलेल्या माणसाने आपला इतिहास स्वतः लिहिला, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. पुढे वामनदादा कर्डकांनी हे गाणे घरोघर पोहोचवले. १९२७ साली मुंबईत सिनेमा बनत होता, पण तो मुका होता. बोलपट आला १९३१ साली आणि आल्याबरोबर गाऊ लागला. तो इंद्रसभेचे गायला, संतांचे गायला, फडावरच्या बाईचे गायला. शेजारच्या चाळीतला जलसा मात्र त्याला ऐकू आला नाही.

तमाशाचा ‘विषय’ म्हणून मराठी चित्रपटाने केवढा उपयोग केला, हे सांगायला नको. अण्णा भाऊ साठे यांच्या कादंबऱ्यांवर ‘वैजयंता’, ‘फकिरा’, ‘वारणेचा वाघ’ असे चित्रपट निघाले. पण मुंबईवर जळजळीत लावणी रचणारा, लालबावटा कलापथकातून गिरणगाव हलवून सोडणारा शाहीर अण्णा भाऊ त्या पडद्यावर कोठे आहे? कथा पडद्यावर गेली आणि १९६९ साली मरण पावलेला कथाकार आयुष्याची बरीच वर्षे घाटकोपरच्या चिरागनगराशीच बांधलेला राहिला. प्रल्हाद शिंदे यांचेही तसेच. बाहेरच्या जगाने त्यांना विठ्ठलाच्या गाण्यांसाठी डोक्यावर घेतले. आमच्या वस्त्यांत ते भीमगीतांचे प्रल्हाददादा होते.

हे आपल्याकडेच घडले असे मात्र नाही. ब्राझीलमधील रिओ दि जानेरो या शहराचे उदाहरण येथे पडताळून पाहण्यासारखे आहे. ब्राझीलने गुलामगिरी रद्द केली ती १८८८ साली, अमेरिका खंडांतील सर्व देशांच्या शेवटी. बाहिया प्रांतातील काळी माणसे पोटासाठी रिओत आली आणि प्रासा ओंझे या चौकाभोवती राहू लागली. जसे आमचे लोक मुंबईत, तसेच. तिया सियाता नावाच्या बाहियाच्या बाईच्या घरी ही मंडळी जमत. तेथील मैफलीतून सांबा आकाराला आला. सांबाचे पहिले गाजलेले गाणे १९१६ साली नोंदवले गेले आणि तेव्हापासूनच वाद सुरू झाला: दहा जणांनी बसून रचलेले गाणे एकदोघांच्या नावावर कसे? गाणे विकाऊ झाले की पहिल्यांदा नाव चोरीला जाते.

१९४२ साली ऑर्सन वेल्स हा नामांकित अमेरिकन दिग्दर्शक रिओच्या कार्निव्हलचे चित्रण करायला गेला. त्याला सांबाच्या मुळाशी जायचे होते, म्हणून कॅमेरा डोंगरावरच्या झोपडपट्ट्यांकडे, म्हणजे फावेलांकडे, वळला. चित्रात काळी माणसे फारच दिसू लागली तशी वरची मंडळी अस्वस्थ झाली. स्टुडिओने हात काढून घेतला आणि चित्रपट अपुरा राहिला. त्याच सुमारास प्रेसिडेंट व्हार्गास हा रुंद राजमार्ग काढण्यासाठी प्रासा ओंझे चौकही पाडला गेला.

पुढे १९५९ साली मार्सेल कामू या फ्रेंच दिग्दर्शकाचा ‘ऑर्फेउ नेग्रो’ आला. काळ्या नटांना घेऊन ग्रीक पुराणकथा फावेलात नेलेली, संगीत जोबिम आणि बोंफा यांचे. कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक आणि ऑस्करही त्याला मिळाले. चित्रपट डोळ्यांना सुखावतो, हे मी नाकारत नाही. पण त्यातील दारिद्र्य नाचते, आणि नाचणारे दारिद्र्य पाहणाऱ्याला फार सोयीचे असते. याच्या उलट नेल्सन पेरेरा दोस सांतोस या ब्राझीलच्याच दिग्दर्शकाचे दोन चित्रपट. शेंगदाणे विकणाऱ्या फावेलातील पोरांचा ‘रिओ, ४० ग्राउस’ १९५५ साली तेथील पोलीसप्रमुखाने बंद केला. रिओचे तपमान चाळीस अंशांवर कधी जातच नाही, असेही एक कारण त्याने दिले म्हणतात! दुसरा १९५७ चा ‘रिओ झोना नोर्ते’. त्याचा नायक सांबा रचणारा एक गरीब काळा माणूस. ही भूमिका ग्रांजी ओतेलो याने केली; वेल्सच्या अपुऱ्या चित्रपटातही तो होता. नायकाचे गाणे दुसराच आपल्या नावावर खपवतो. गर्दीच्या लोकलमधून तो खाली पडतो आणि पडल्यापडल्या त्याला सारे आयुष्य आठवते. लोकलमधून पडणे म्हणजे काय, हे मुंबईच्या माणसाला समजावून द्यावे लागत नाही.

मला या दोन प्रकारांतील भेद महत्त्वाचा वाटतो. एक चित्रपट गाणे उचलतो आणि गाणाऱ्याला डोंगरावरच ठेवतो. दुसरा गाणाऱ्याच्या मागोमाग त्याच्या घरापर्यंत जातो. मुंबईच्या चित्रपटांनाही मी हीच कसोटी लावतो.

मुंबईत हे काम प्रथम अनुबोधपटाने केले. आनंद पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’ १९८५ सालचा. झोपड्या पाडण्याच्या मोहिमांचा तो चित्रपट. त्यात शाहीर विलास घोगरे गातात. त्यात एक बेघर बाई कॅमेरा धरणाऱ्यांनाच फटकारते, की आमची चित्रे काढून आमचे काय भले होणार? दिग्दर्शकाने तो फटका चित्रपटातून काढून टाकला नाही. हे बाईचे बोल अशा प्रत्येक चित्रपटाला आजही लागू पडतात.

नंतर आला ११ जुलै १९९७. घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली; निषेधाला जमलेल्यांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला आणि दहा माणसे मेली. चारच दिवसांनी, १५ जुलैला, मुलुंडच्या आपल्या झोपडीत विलास घोगरेंनी गळफास घेतला. आयुष्यभर डाव्या कलापथकातून गायलेल्या या शाहिराने मरताना डोक्याला निळी पट्टी बांधली होती. त्या निळ्या पट्टीचा अर्थ शोधत पटवर्धन चौदा वर्षे हिंडले आणि ‘जय भीम कॉम्रेड’ हा तीन तासांच्या आसपासचा अनुबोधपट २०११ साली पुरा झाला. गोळीबाराचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याला सत्र न्यायालयाने शिक्षा सुनावली ती २००९ साली. चित्रपट तयार होत असताना न्यायालयही रेंगाळत होते, असेच म्हणावे लागते.

या चित्रपटात मुंबई आपल्या आवाजात गाते. जयंतीचे कव्वाल, वस्तीतील बाया, चैत्यभूमीचा जनसागर, आणि शेवटाकडे पुण्याच्या कबीर कला मंचाची तरुण पोरे. त्याच मंचाच्या शीतल साठे आणि सचिन माळी यांनी एप्रिल २०१३ मध्ये विधानभवनासमोर स्वतःला पोलिसांच्या स्वाधीन केले. आमच्या वीरच्या विहारात भिंतीला चादर लावून आम्ही हा चित्रपट पाहिला. तो संपल्यावर निळे-लाल या प्रश्नावर आम्ही शिकलेली मंडळी तावातावाने बोलू लागलो. कोपऱ्यात बसलेल्या एका म्हातारीने मध्येच विचारले, “त्याच्या बायको-पोरांचं मंग काय झालं रं?” चित्रपट त्या घरात जातो, म्हणूनच तिला तो प्रश्न सुचला. ‘ऑर्फेउ नेग्रो’ पाहून कोणाला तो सुचणार नाही.

निळ्या-लालाचा हा पेच आम्हा महाडकरांना नवा नाही. मार्च १९२७ च्या महाड परिषदेसाठी ज्यांनी जिवाचे रान केले ते रा. बा. ऊर्फ रामचंद्र बाबाजी मोरे आमच्या दासगावात वाढलेले. १९३० साली ते कम्युनिस्ट झाले, आणि तरीही बाबासाहेबांविषयीची त्यांची निष्ठा सुटली नाही. दोन्ही झेंडे एका खांद्यावर घेणे काय असते, हे त्यांनी आयुष्यभर अनुभवले. घोगरेंना तेच ओझे झाले. यात दोष एकट्या घोगरेंच्या स्वभावाचा, असे म्हणून डाव्यांना सुटता येणार नाही. आणि जिवंतपणी त्यांना जवळ न करणाऱ्या आपल्या पुढाऱ्यांनाही नाही.

कथापटाने हा विषय हाताळला तो चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये, २०१४ साली. व्हेनिसच्या महोत्सवात आणि राष्ट्रीय पुरस्कारांत तो गाजला. नारायण कांबळे हा म्हातारा लोकशाहीर. त्याचे गाणे ऐकून गटार साफ करणाऱ्या कामगाराने आत्महत्या केली, असा त्याच्यावर खटला. भूमिका नागपूरचे कार्यकर्ते वीरा साथीदार यांनी केली; गाणी संभाजी भगत यांची. म्हणजे शाहिराच्या जागी सोंग नव्हते, चळवळीतीलच माणसे होती. मेलेल्या कामगाराची बायको साक्षीत सांगते, की तो आधी मॅनहोलमध्ये खडा टाकी. झुरळ बाहेर आले तर आत हवा आहे असे समजून उतरे. एवढ्या एका वाक्यात मुंबई महानगराची सारी सभ्यता उघडी पडते. साथीदार एप्रिल २०२१ मध्ये करोनाने गेले.

अलीकडे धारावीतील पोरांचे रॅप पडद्यावर आले आहे. पा. रंजित यांच्या ‘काला’मध्ये (२०१८) ते वस्तीच्या लढ्याशी जोडलेले आहे. ‘गल्ली बॉय’मध्ये (२०१९) गाणे खणखणीत आहे, पण पोरगा वस्तीतून निघून वर गेला की चित्रपटाचे काम संपते, आणि जात हा शब्द त्याला आठवतच नाही. नागराज मंजुळे यांच्या ‘झुंड’मध्ये (२०२२) नागपूरच्या वस्तीतील भीमजयंती आहे, डीजेच्या तालावर पोरे बेभान नाचतात. काही जुन्या कार्यकर्त्यांना तो नाच खटकला. मला खटकला नाही. आमची जयंती आमच्यातल्याच दिग्दर्शकाने, लाज न बाळगता, मोठ्या पडद्यावर आणली. रिओतही १९६२ साली फावेलाच्या पाच कथा बाहेरच्या विद्यार्थ्यांनी चित्रित केल्या होत्या. २०१० साली तशाच पाच कथा फावेलातील मुलांनी स्वतः केल्या. तेथे या पालटाला अठ्ठेचाळीस वर्षे लागली.

पण जलशाचे चित्रण मात्र राहिले ते राहिलेच. जलसाकारांची पिढी गेली. त्यांच्या गाण्यांच्या वह्या चाळींच्या पोटमाळ्यांवर होत्या, आणि वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग येथील बी.डी.डी. चाळींच्या जागी आता मनोरे उभे राहत आहेत. चाळकऱ्याला पक्के घर मिळते, याचा आनंदच आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीला पहिल्या कुटुंबांना किल्ल्या मिळाल्या. त्यांत आमच्याकडील एक घर आहे. त्यांच्या आजोबांची ढोलकी नव्या खोलीत ठेवायला जागा होती, वाजवायला पटांगण नव्हते. ती त्यांनी गावी पाठवली. सध्या विहारातील कपाटावर आहे, आणि तिची एक बाजू नव्याने मढवावी लागणार आहे.